फोन बंद आहे, हे तुम्हाला कुणी सांगितलं?

‘फोन बंद हाय की ओ.’ सोलापुरात हे वाक्य कानावर पडलं की पुढचं वाक्य ठरलेलं असतं: मुद्दाम बंद ठेवलाय. विषय उधारीचा असेल तर पैसे बुडाले, सोयरिकीचा असेल तर पार्टी फिरली, आणि घरातलं म्हातारं माणूस एकटं असेल तर थेट रडारड. हे सगळं कशावरून, तर एका रेकॉर्ड केलेल्या बाईच्या आवाजावरून. त्या बाईला समोरच्याचा फोन दिसत नसतो. कंपनीच्या वहीत त्या सिमपुढे शेवटची जी नोंद आहे, ती ती वाचून दाखवते. नोंद शिळी असू शकते, अर्धवटही असू शकते. म्हणून तिच्या भरवशावर भांडण काढू नये, हे माझं स्पष्ट मत. शंका आलीच तर तपासायची रीत आहे, आणि ती अवघड नाही.

आधी ही नोंद होते कशी ते बघू. फोन चालू झाला की जवळच्या टॉवरमार्फत तो कंपनीकडे हजेरी लावतो. बटण दाबून नीट बंद केला, किंवा फ्लाइट मोडवर टाकला, तर जाता जाता ‘मी निघालो’ असा छोटा संदेश पाठवतो. त्याला डिटॅच म्हणतात. बॅटरी संपत आल्यावर फोन आपोआप बंद होतो, तेव्हाही बहुतेक वेळा हा निरोप जातो. मग त्या सिमपुढे गैरहजर अशी खूण पडते आणि कॉल आला तरी टॉवरवरून हाक मारलीच जात नाही. दोन-तीन सेकंदांत घोषणा सुरू होते.

फोन पाण्यात पडला, आपटून मेला, किंवा माणूस तळघरात गेला, तर निरोप द्यायला सवडच मिळत नाही. वहीत तो हजरच असतो. कॉल आला की त्या भागातले टॉवर त्याला हाक मारतात, म्हणजे पेजिंग करतात. काही सेकंद वाट बघतात, पुन्हा हाक मारतात, आणि उत्तर आलं नाही की ‘संपर्क क्षेत्राबाहेर’. त्यामुळे घोषणेच्या शब्दांपेक्षा तिच्या आधीच्या शांततेकडे कान द्या. लगेच बाई बोलली तर नेटवर्कला आधीच माहीत होतं. आठ-दहा सेकंद नुसती शांतता आणि मग बाई, तर आत्ता हाक मारून झाली आणि ओ आली नाही. हा अंदाजच आहे, कारण काही कंपन्या दोन्ही वेळी एकच टेप लावतात. पण एकाच नंबरला दोन-तीनदा लावून फरक ऐकला तर बरंच कळतं.

सगळ्यात जास्त गैरसमज होतो तो पुढच्या टप्प्यावर. हजेरी एकदा लावून भागत नाही, ठरावीक वेळाने पुन्हा द्यावी लागते. ४जीच्या मानकात ही वेळ मुळात ५४ मिनिटांची आहे, कंपनी ती बदलू शकते. २जीत ती ६-६ मिनिटांच्या पटीत ठरते आणि साडेपंचवीस तासांपर्यंत लांबवता येते. हजेरी चुकली की थोडी सवलत देऊन नेटवर्क स्वतःच गैरहजर खूण करतं. म्हणजे रेंज नसलेल्या विहिरीजवळ मोटार दुरुस्त करत बसलेल्या माणसाचा फोन पहिला तासभर ‘क्षेत्राबाहेर’ आणि नंतर ‘स्विच ऑफ’ सांगतो. त्याने बटणाला हातही लावलेला नसतो. इकडे मात्र ‘मघाशी रेंज नव्हती, आता बघा बंदच केला’ असा पंचनामा पूर्ण!

आता दोन सिमवाल्यांचं. आपल्याकडे जुना नंबर एका कंपनीचा आणि स्वस्त डेटा दुसरीचा, असे फोन घरोघरी आहेत. बहुतेक दोन सिमच्या फोनांत कॉलसाठी रेडिओ एकच असतो, दोन्ही सिम आळीपाळीने कान लावून बसतात. एका सिमवर बोलणं सुरू झालं की दुसऱ्याचा कान बंद. त्या वेळात दुसऱ्या नंबरवर कॉल केला तर ‘व्यस्त’ ऐकू येत नाही, ‘क्षेत्राबाहेर’ किंवा ‘बंद’ ऐकू येतं. दुकानदार, दलाल, रिक्षावाले, ज्यांचा फोन दिवसभर कानाला असतो, त्यांच्यावर हा आळ सगळ्यात जास्त येतो. उपाय सोपा आहे: एक नंबर लागला नाही की कॉल दुसऱ्या नंबरवर जाईल असं कॉल फॉरवर्डिंग लावायचं, ‘अनरीचेबल’ या पर्यायाखाली. काही फोनांत सिमच्या सेटिंगमध्ये दोन्ही सिम कायम जागी ठेवण्याचा पर्याय मिळतो, तो चालू करावा.

सोलापूरची म्हणून काही कारणं आहेत. अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या पत्र्याच्या शेडमध्ये सिग्नल पडतो, आणि यंत्रमाग सुरू असताना रिंग वाजली तरी ऐकू येत नाही. तिथे पूर्ण घंटा जाऊन कॉल कटला तर फोन जोडलेला आहे, ऐकणाऱ्याचे कान माग खाऊन टाकतोय एवढंच. एप्रिल-मेच्या उन्हात दुचाकीच्या हँडलवर किंवा गाडीच्या डॅशबोर्डवर ठेवलेला फोन तापून स्वतःच बंद पडतो. आयफोनसाठी तर कंपनीने वापराची मर्यादाच ३५ अंश हवामानाची सांगितली आहे, आपल्याकडे उन्हाळ्यात ती सहज ओलांडते. जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेत होम मैदानावर, आणि आषाढीला पंढरपुरात, टॉवरवर एवढी झुंबड उडते की ‘सर्व मार्ग व्यस्त’ असं ऐकू येतं. ही तक्रार रस्त्याची आहे, समोरच्या फोनची नाही. अशा गर्दीत कॉलच्या नादी न लागता एसएमएस टाकावा, तो सांदीकोपऱ्यातून निघून जातो. गावात वीज जास्त वेळ गेली तर टॉवरची बॅटरीही उतरते आणि त्या कंपनीचे सगळेच नंबर एकदम गप्प होतात. म्हणून त्याच गावात, त्याच कंपनीचा दुसरा एखादा नंबर लावून बघणं हा सगळ्यात स्वस्त पुरावा.

घोषणा कन्नडमधून आली की घरच्यांचा जीव आणखी खालीवर होतो. ‘हा कर्नाटकात काय करतोय?’ अक्कलकोट, मंद्रूप भागात पलीकडचा टॉवर जोरात असेल तर फोन त्याला चिकटतो, आणि हाक मारणारं नेटवर्क तिकडचं असेल तर बाईही तिकडची बोलू शकते. माणूस मात्र आपल्याच शेतात. त्यातून मूळ नंबरच विजयपूर-कलबुर्गीकडचा असेल तर कन्नड ऐकू येणारच.

बाकीच्या घोषणा पटकन. ‘सेवा तात्पुरती बंद’ म्हणजे बहुधा रिचार्ज संपलाय. प्लॅन संपला की आधी आउटगोइंग आणि काही दिवसांनी इनकमिंग बंद होतं. त्या माणसाच्या फोनवर रेंजच्या काड्या पूर्ण दिसतात, वायफायवर व्हॉट्सअ‍ॅपही चालतं, म्हणून त्याला पत्ताच नसतो. ‘हा नंबर अस्तित्वात नाही’ असं आलं तर आधी आकडे मोजा. ते बरोबर असतील तर सिमच बंद झालेलं असू शकतं. ट्राय म्हणजे दूरसंचार नियामक, त्याच्या नियमाप्रमाणे प्रीपेड सिम ९० दिवस अजिबात वापरलं नाही तर कंपनी ते बंद करू शकते. खात्यात २० रुपये शिल्लक असतील तर ते कापून ३० दिवस वाढवून मिळतात, आणि बंद झाल्यावर परत सुरू करायला १५ दिवसांची सवलत असते. बंद झालेला नंबर किमान ९० दिवस कुणाला देत नाहीत, त्यानंतर तो नव्या माणसाकडे जातो. वर्षभराने जुन्या नंबरवर कुणी अनोळखी आवाज आला तर ‘सिम चोरलं’ म्हणून त्याच्यावर ओरडू नका. आणि काही बहाद्दर बंद पडलेल्या नंबरवर कॉल फॉरवर्ड करून ठेवतात, म्हणजे वसुलीवाल्याला आयती टेप ऐकू येते. हे बाहेरून ओळखणं कठीण असतं.

मग तपासायचं कसं? पहिलं, आपलाच फोन. दुसऱ्या कुणाला तरी कॉल लावा. आपल्याच टॉवरचा गोंधळ असेल तर तो आधी कळतो. दुसरं, पाच मिनिटांच्या अंतराने पुन्हा, शांततेकडे लक्ष देऊन. तिसरं, वेगळ्या कंपनीच्या वेगळ्या नंबरवरून. तुमच्या नंबरवरून अर्धी घंटा होऊन कट किंवा सतत ‘व्यस्त’, आणि शेजाऱ्याच्या फोनवरून मस्त रिंग, तर फोन चालू आहे आणि तुम्ही ब्लॉक आहात. वाईट वाटेल, पण निदान पोलिसांत जायची गरज नाही.

खरा कामाचा पुरावा मात्र साध्या एसएमएसचा डिलिव्हरी रिपोर्ट. अँड्रॉइडवर गूगलच्या मेसेजेस अ‍ॅपमध्ये प्रोफाइलच्या चित्रावर टिचकी, मग मेसेजेस सेटिंग्ज, त्यात अ‍ॅडव्हान्स्ड, आणि तिथे एसएमएस डिलिव्हरी रिपोर्टचा पर्याय चालू करा. आरसीएस चॅट बंद ठेवा, नाहीतर मेसेज इंटरनेटवरून जाईल आणि प्रयोग फसेल. आयफोनवर ही सोय नाही, त्यामुळे घरातला साधा अँड्रॉइड मागून घ्या. आता मेसेज टाका. समोरचा फोन जोडलेला असेल तर पावती काही सेकंदांत येते. नसेल तर मेसेज कंपनीच्या केंद्रात पडून राहतो, आणि फोनने पुन्हा हजेरी लावताच नेटवर्क त्या केंद्राला कळवतं. म्हणजे पावती आली तो क्षण, फोन जिवंत झाल्याचा क्षण. डेटा नको, अ‍ॅप नको, आणि तुम्ही ब्लॉक असलात तरी पावती साधारणपणे येते, कारण एसएमएस हँडसेटपर्यंत पोचतो आणि अडवला जातो तो तिथे. यावरून सिम कुठल्यातरी फोनमध्ये जागं आहे एवढंच सिद्ध होतं. तो फोन कुणाच्या हातात आहे, ते नाही.

व्हॉट्सअ‍ॅपच्या टिकांवर लोकांचा भलताच विश्वास. एक टिक म्हणजे मेसेज सर्व्हरपर्यंत गेला. डेटा बंद, पॅक संपला, अ‍ॅप काढून टाकलं, ब्लॉक केलं, फोन बंद: सगळ्यांत एकच टिक. दोन टिका आल्या तरी फोन चालू असेलच असं नाही, कारण मेसेज ऑफिसच्या संगणकावर जोडलेल्या व्हॉट्सअ‍ॅपवर पोचला तरी दोन टिका पडतात. उलट, फ्लाइट मोडवर वायफाय लावलेल्या फोनचा साधा कॉल बहुधा ‘बंद’ सांगेल आणि व्हॉट्सअ‍ॅप कॉल वाजेल. त्या कॉलवर ‘कॉलिंग’ असंच राहिलं तर बहुधा समोर इंटरनेट नाही. ‘रिंगिंग’ आलं तर कुठेतरी वाजतोय.

नंबर टाका आणि लोकेशन बघा म्हणणारी अ‍ॅप्स खोटी असतात. त्यांना तुमची संपर्कयादी आणि जमलं तर ओटीपी हवा असतो. टॉवरची माहिती कंपनी पोलिसांना कायदेशीर मार्गाने देते, तुम्हाआम्हाला नाही. खरोखर काळजीचं कारण असेल, म्हणजे आजारी माणूस, लहान मूल, रात्री घाटातून येणारी गाडी, तर ११२ लावा. बेपत्ता झाल्याची तक्रार द्यायला २४ तास थांबायची अट कायद्यात कुठेही नाही. तक्रारीत शेवटचा लागलेला कॉल कधीचा, पहिली ‘क्षेत्राबाहेर’ किती वाजता आणि पहिली ‘स्विच ऑफ’ किती वाजता, हे लिहून द्या.

एक बाब उलट्या बाजूची. नवी पेठेत भर दुपारी, सगळ्यांना रेंज आणि फक्त तुमच्या फोनवर ‘नो सर्व्हिस’, रीस्टार्ट करूनही तेच, तर रेंज यायची वाट बघत बसू नका. तुमच्या नावाने कुणी तुमच्याच नंबरचं दुसरं सिम काढलं असण्याची शक्यता असते. दुसऱ्या फोनवरून आधी बँकेला, मग कंपनीला.

घरात एकटं राहणारं म्हातारं माणूस असेल तर आजच एवढं करून ठेवा: त्यांच्या रिचार्जची तारीख तुमच्या फोनवर, दोन सिम असतील तर एकमेकांवर फॉरवर्डिंग, आणि शेजारच्या घरातल्या वेगळ्या कंपनीचा एक नंबर, फोनमध्ये नको, भिंतीवरच्या कालनिर्णयावर मोठ्या अक्षरात.