गटेने लिथुआनियन गाणी चोरली, हा शोध कोणाचा?

माझी भाची जर्मन शिकते. वर्गात वाचायच्या निबंधाचा मसुदा तिने माझ्याकडे तपासायला पाठवला, आणि त्यातला निम्मा मजकूर व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणाऱ्या एका संदेशातून जसाच्या तसा उतरवलेला पाहून मी अक्षरशः कपाळाला हात लावला. त्या संदेशाचे म्हणणे थोडक्यात असे: लिथुआनियातल्या शेतकऱ्याला आजही संस्कृत समजते, त्याची ‘दाइना’ नावाची लोकगीते म्हणजे वेदांतल्या ऋचाच होत, हेर्डर आणि गटे या जर्मन साहित्यिकांनी ती चोरून स्वतःच्या नावावर खपवली, पुढे झुडरमान या जर्मन लेखकाने लोककथाही लाटल्या, चोरी उघडी पडू नये म्हणून जर्मनांनी लिथुआनियन छपाईवर बंदी घातली, आणि त्या अडाणी लोकांकडे स्वतःचा एकही लेखक नसल्यामुळे कोणी चकार शब्द काढला नाही.

सगळ्यांत बेजबाबदार आरोप चोरीचा आहे. ज्या गाण्यावरून तो केला जातो, त्याचा प्रवास छापील पुराव्यानिशी टप्प्याटप्प्याने दाखवता येतो. लग्न ठरलेली मुलगी आईला म्हणते की, उन्हाळा निम्मा सरण्याआधीच मी तुला सांगून ठेवले होते, आता कातायला आणि विणायला दुसरी मुलगी शोध. अळशीचे पांढरे सूत मी पुष्कळ कातले, तलम कापड पुष्कळ विणले. पूर्व प्रशियातल्या, म्हणजे तेव्हा जर्मन सत्तेखाली असलेल्या, लिथुआनियन भाषक मुलखात पाद्री असलेल्या फिलिप रुहिग यांनी १७४५ मध्ये लिथुआनियन भाषेवर निबंध लिहिला, त्यात अशी तीन गाणी जर्मन अनुवादासह दिली. पुढे १७५९ मध्ये जर्मन लेखक लेसिंगने आपल्या साहित्यविषयक पत्रांपैकी तेहतिसाव्या पत्रात त्यांतली दोन उद्धृत केली. हे एक पत्र वाचले असते तरी संदेश लिहिणाऱ्याचे कष्ट वाचले असते. लेसिंग स्वच्छ शब्दांत सांगतो की, रुहिगचा लिथुआनियन कोश चाळताना ही गाणी हाती लागली, तिकडच्या सामान्य मुली ती गातात आणि आपण ती रुहिगच्याच अनुवादात उतरवून देत आहोत. शिवाय तो म्हणतो की, कवी कोणत्याही आकाशाखाली जन्माला येतात, उत्कट भावना हा काही सुसंस्कृत समाजांचा मक्ता नव्हे. मालकाचे नाव आणि ठिकाण असे जाहीर करणारा चोर मी तरी पाहिलेला नाही.

हेर्डरने १७७८-७९ च्या आपल्या लोकगीतसंग्रहात आठ लिथुआनियन गाणी घेतली, तीही ‘लिथुआनियन’ अशी नोंद करून. त्यांतले हे नववधूचे गाणे गटेने ‘डी फिशरिन’ (कोळीण) या छोट्या संगीतिकेच्या शेवटी वापरले. तिचा पहिला प्रयोग जुलै १७८२ मध्ये वायमारजवळच्या टीफुर्टच्या उद्यानात, इल्म नदीच्या काठी झाला. त्या वेळी हेर्डर वायमारमध्येच राहत होता आणि त्याचे पुस्तक बाजारात येऊन तीन-चार वर्षे झाली होती, तेव्हा लपवायचे ते कोणापासून? रंगमंचावर कोळ्याच्या मुलीच्या तोंडी गाणे आले की त्याचे मूळ गाव प्रेक्षकांना सांगितले जात नाही, एवढे मी मान्य करतो. पण त्यालाच चोरी म्हणायचे ठरले, तर दुसऱ्यांच्या चालींवर उभी राहिलेली आपली संगीत रंगभूमीही गजाआड जाईल.

संस्कृतच्या मुद्द्यात अर्धे सत्य आहे, ते नाइलाजाने कबूल केले पाहिजे. अग्नीला ‘उग्निस’ आणि मुलाला ‘सूनुस’ म्हणणाऱ्या या भाषेने प्राचीन रूपे विलक्षण जपली आहेत. त्याच ओढीने भाषाशास्त्रज्ञ आउगुस्ट श्लाइशर १८५२ मध्ये प्रशियन लिथुआनियात गेला आणि तिथल्या कथा, म्हणी व उखाणे त्याने १८५७ मध्ये जर्मनमध्ये प्रसिद्ध केले. लुडविग रेझाच्या १८२५ च्या ‘दाइनोस’ या संग्रहात चंद्र सूर्याशी लग्न करतो (तिकडे सूर्य स्त्री आहे), मग शुक्रतारकेच्या नादी लागतो आणि पेर्कुनास हा मेघगर्जनेचा देव तलवारीने त्याचे तुकडे करतो, असे एक गाणे आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातल्या सूर्या (सूर्याची कन्या) आणि सोम (चंद्र) यांच्या विवाहाची आठवण ते वाचताना होतेच. पण एकाच पूर्वज भाषेपासून हजारो वर्षांपूर्वी फुटलेल्या दोन शाखांमधले हे साम्य आहे. त्यावरून वेद बाल्टिक समुद्रापर्यंत पोहोचल्याचे सिद्ध होत नाही आणि तिथल्या शेतकऱ्याला कालिदासही कळू लागत नाही. बहुतेक दाइनांचे विषय तर घरगुती आहेत: कुमारिकेची सतापाची हिरवी माळ, भावाचा घोडा, सासरी निघालेली लेक.

बंदी खरोखरच होती, मात्र ती रशियाच्या झारशाहीने, लॅटिन लिपीतल्या लिथुआनियन छपाईवर, १८६४ ते १९०४ या काळात घातलेली होती. त्या काळात पुस्तके छापली जात ती जर्मन हद्दीतल्या तिल्सितमध्ये आणि चोरून सीमेपार नेली जात. जर्मनांनी १८७० च्या दशकात आपल्याकडच्या शाळांमधून लिथुआनियन भाषा मागे रेटली, हा खरा दोष होता. संदेशाला नेमका त्याचाच पत्ता नाही. झुडरमानच्या १९१७ च्या ‘लिथुआनियन कथा’ लोककथा नाहीतच. प्रशियन लिथुआनियातल्या मेमेलच्या परिसरात जन्मलेल्या लेखकाने स्वतः रचलेल्या त्या कथा आहेत.

राहिला ‘अडाणी लोकां’चा मुद्दा, आणि भाचीने हे वाक्य तिथल्या लोकांच्या कणवेपोटी उतरवावे याचेच मला अधिक वाईट वाटते. टोल्मिंकेमेनचा पाद्री क्रिस्तियोनास दोनेलाइतिस (१७१४-१७८०) याने वेठबिगारीत राबणाऱ्या शेतकऱ्यांच्या वर्षभराच्या जगण्यावर लिथुआनियन भाषेत, ग्रीक महाकाव्यांच्या, ओळीत सहा गण असलेल्या छंदात ‘मेताइ’ हे काव्य रचले आणि त्यात जर्मन वसाहतवाल्यांच्या रीतिभातींवर ताशेरेही ओढले. क्योनिग्सबर्गमध्ये प्राध्यापक असलेल्या रेझाने १८१८ मध्ये ते जर्मन अनुवादासह छापले आणि जर्मन विद्वान विल्हेल्म फॉन हुम्बोल्टला अर्पण केले. तक्रारच करायची असेल तर रेझाने त्यातल्या ओळी गाळल्या आणि बदलल्या, याची करावी. आणि तो रेझा स्वतः बाल्टिक किनाऱ्यालगतच्या कुरोनियन वाळूपट्टीवरच्या, पुढे वाळूखाली गाडल्या गेलेल्या कार्वाइचियाइ या गावचा होता. तिल्सितमध्ये जन्मलेल्या योहानेस बोब्रोव्स्की या जर्मन लेखकाची ‘लिटाउइशे क्लाविरे’ (लिथुआनियन पियानो) ही कादंबरी त्याच्या मृत्यूनंतर १९६६ मध्ये आली. तिच्यात दोन जर्मन माणसे याच दोनेलाइतिसवर संगीतिका रचायला निघतात.