मालकांकडून उत्तर : दिवेआगरचं घर आणि छपरावरचा पत्रा

नमस्कार ताई,

आमच्याकडे राहून गेल्यावर तुम्ही दोन स्टार देऊन लिहिलेला रिव्ह्यू वाचला. तुमची सुट्टी मनासारखी झाली नाही, याबद्दल मनापासून दिलगिरी. जेवणाच्या आणि मोदकांच्या तक्रारीचं म्हणाल तर तुम्ही साडेतीनला पोचलात, आणि मोदक आदल्या दिवशी सांगावे लागतात हे फोनवर बोलणं झालं होतं. त्यावर जास्त बोलत नाही.

पण तुम्ही लिहिलेलं "फोटोत कौलारू घर, प्रत्यक्षात पत्रा आणि सिमेंटच्या खोल्या, पैसे वाचवायला कोकणपण घालवलंत" हे फार लागलं. फोटोतलं घर हेच आहे, वादळाआधीचं. 3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर आलं, श्रीवर्धन-दिवेआगरला त्याचा जोराचा तडाखा बसला. मंगलोरी कौलं उडाली, माड माजघरावर पडून छपराचं आढं मोडलं. वर लॉकडाऊन, वीज नाही आणि पाऊस तोंडावर. गावात प्रत्येकालाच कौलं हवी होती, सुतार मिळेना. आमच्या चिऱ्याच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या, भिंती मातीत बांधलेल्या. एक पावसाळा उघड्या राहिल्या असत्या तर बसल्या असत्या. पत्रा मिळाला तो घातला, म्हणून घर राहिलं. आता परत कौलं म्हणजे वासे-रिपांसकट सगळं नवं लाकूड. शिवाय वानरांनी उडी मारली की कौल फुटतं, आणि दर उन्हाळ्यात कौलं परतायला, म्हणजे काढून पुन्हा नीट बसवायला, माणूस मिळत नाही.

राग मानू नका, पण तुम्हीही फोनवर पहिला प्रश्न एसीचाच विचारलात. पूर्वी पाहुणे ओटीवर मच्छरदाणी लावून झोपत, परसदारी न्हाणीत आंघोळ करत. आता अटॅच्ड बाथरूम नसेल तर कोणी थांबत नाही, आणि कौलांच्या फटींतून एसीची हवा टिकत नाही. स्लॅबच्या खोल्या त्यासाठी बांधल्या. त्या जागी सासऱ्यांनी लावलेल्या पोफळी होत्या, त्याच वादळात आडव्या झालेल्या. नवी पोफळ सुपारी धरेपर्यंत पाच-सात वर्षं जातात. तोवर घर या खोल्यांवरच चाललंय. ओटीचे लाकडी खांब, झोपाळा, शेणाने सारवलेलं अंगण आम्ही जपलंय. तुमची मुलं त्या झोपाळ्यावरून उतरत नव्हती.

नवे फोटो टाकायचं मुलगा बघतोय, ओटीवरच्या पत्र्याला आतून लाकडी सिलिंगही सीझननंतर करू. स्टार दोनच राहू देत, पण "पैसे वाचवायला" एवढे शब्द काढता आले तर बघा. मे महिन्याचं बुकिंग लोक हेच वाचून करतात.