फरसबी कच्ची खा म्हणणाऱ्या मेसेजला उत्तर

मधुमेह असलेल्या माझ्या मावशीला सोसायटीच्या ग्रुपवर एक मेसेज आला आणि तिने विचारलं, "उद्यापासून सुरू करू का?" म्हणून हे लिहितोय. मेसेजचं नाव ‘फरसबी शिजवाल तर गमवाल’. त्याचा सारांश असा: फरसबी शिजवली की तिच्यातली एन्झाइम्स मरतात, म्हणून रोज सकाळी अनशापोटी कच्च्या शेंगांचा ग्लासभर रस घ्या, साखर आटोक्यात येते. रस नको असेल तर एअर फ्रायरमध्ये चार मिनिटं फक्त कोमट करा, ‘जिवंत’ राहते. जास्त भाजलीत तर कॅन्सर. रंगासाठी चिमूटभर खायचा सोडा घाला. सोड्याच्या पाण्यात बुडवली की फवारलेलं सगळं औषध निघून जातं. पनीरपेक्षा जास्त प्रोटीन. आणि शेवटी, आपले पूर्वज हजारो वर्षं ती कच्चीच खात आले.

किरकोळ मुद्द्यांकडे नंतर येतो. आधी रस, कारण त्याने माणूस आजारी पडू शकतो.

फरसबी, म्हणजेच श्रावणघेवडा, आणि राजमा ही एकाच जातीची वनस्पती आहे, फॅसिओलस व्हल्गॅरिस. शेंग कोवळी तोडली की फरसबी, दाणा भरून वाळू दिला की राजमा. कोरेगावचा वाघ्या घेवडाही त्यातलाच. या जातीच्या दाण्यात आणि शेंगेत फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं लेक्टिन असतं. हे प्रथिन आतड्याच्या अस्तराला चिकटतं आणि त्याला इजा करतं. कच्चं किंवा अर्धवट शिजलेलं पोटात गेलं की एक ते तीन तासांत जोराची मळमळ आणि उलट्या, मग जुलाब, पोटात कळा. बहुतेक जण काही तासांत सावरतात. पण ज्याने सकाळी मधुमेहाची गोळी किंवा इन्सुलिन घेतलंय आणि ज्याच्या पोटात अन्न ठरत नाही, त्याची साखर धोक्याच्या पातळीपर्यंत खाली येऊ शकते. मेसेज नेमका अशाच माणसांना अनशापोटी रस प्यायला सांगतो. मला संताप येतो तो याचा.

हे माझं मत नाही. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाचं ‘बॅड बग बुक’ म्हणून अन्नातून होणाऱ्या विषबाधांचं हातपुस्तक आहे, त्यात या लेक्टिनवर वेगळं प्रकरण आहे. ज्या एककात हे लेक्टिन मोजतात त्यात कच्च्या लाल राजम्याचा आकडा २०,००० ते ७०,००० येतो, नीट शिजवलेल्याचा २०० ते ४००. चार-पाच कच्चे दाणेही त्रासाला पुरतात. आता कोणी म्हणेल, हे राजम्याचं झालं, शेंगेचं काय? बरोबर आहे, कोवळ्या शेंगेत दाणा इवलासा असतो आणि लेक्टिन वाळलेल्या राजम्यापेक्षा कमी असतं. म्हणूनच कोशिंबिरीत चुकून दोन कच्चे तुकडे गेले तर बहुतेकांना काही होत नाही. पण ग्लासभर रसाला पाव किलोच्या आसपास शेंगा लागतात, त्यातल्या बऱ्याच जून, दाणे भरलेल्या. जर्मनीची जोखीम-मूल्यांकन संस्था हिरव्या शेंगाही कच्च्या खाऊ नका असंच बजावते, आणि चीनमध्ये अर्धकच्च्या फरसबीने होणारी विषबाधा इतकी ओळखीची आहे की तिथल्या अन्न यंत्रणा त्याबद्दल पुन्हा पुन्हा सूचना काढतात.

त्याच पुस्तकातली दुसरी नोंद एअर फ्रायरच्या सल्ल्याला लागू पडते. दाणे साधारण ८० अंशांपर्यंतच तापवले तर त्यांचा विषारीपणा कच्च्यापेक्षा पाच पटींपर्यंत वाढू शकतो. लेक्टिन मोडायला १०० अंशांवर सुमारे दहा मिनिटं लागतात. ‘कोमट करून जिवंत ठेवणं’ म्हणजे नेमक्या नको त्या तापमानाशी थांबणं. यंत्राच्या काट्यावर १८० किंवा २०० दिसतं ते हवेचं तापमान. शेंगेत दर शंभर ग्रॅममागे सुमारे ९० ग्रॅम पाणी असतं. ते आत असेपर्यंत शेंगेचा गाभा १०० अंशांच्या वर जात नाही, आणि टोपली गच्च भरलेली असेल तर चार मिनिटांत १०० पर्यंतही पोचत नाही. साल सुरकुतते, कडेला तपकिरी ठिपका येतो, आपल्याला वाटतं झालं. दाताखाली करकर वाजली की समजा झालेलं नाही.

‘मटार कच्चे खातो मग ही का नाही’ असाही प्रश्न येतो. मटार वेगळी जात, त्यातलं लेक्टिन बरंच सौम्य. सगळ्या शेंगा एका मापाने मोजता येत नाहीत.

एन्झाइम्सचं म्हणाल तर ती प्रथिनं आहेत, जठरात बाकीच्या प्रथिनांसारखीच पचतात. शिजवल्याने क जीवनसत्त्व घटतं, हे मात्र खरं. पण कच्च्या फरसबीतच ते शंभर ग्रॅमला १२ मिलिग्रॅमच्या आसपास असतं. एक पेरू खाल्लात तर त्याच्या कितीतरी पट मिळेल. मधुमेह्याच्या ताटात फरसबी चांगली हेही खरंच, पिष्ट कमी आणि चोथा बऱ्यापैकी. पण रस गाळला की चोथाच फेकला जातो. मग उरलं काय?

आता भाजण्याने कॅन्सर. यात अर्धं सत्य आहे आणि ते मान्य करतो. १२० अंशांच्या वर अ‍ॅस्परॅजिन हे अमिनो आम्ल आणि साखर यांच्यापासून अ‍ॅक्रिलामाइड तयार होतं. स्वीडनमधल्या संशोधकांनी २००२ साली ते खाद्यपदार्थांत दाखवलं, आणि त्याआधी १९९४ सालीच जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने, मुख्यतः प्राण्यांवरच्या प्रयोगांवरून, ते ‘बहुधा कर्करोगकारक’ गटात घातलं होतं. पण ते आपल्या पोटात जातं मुख्यतः तळलेल्या बटाट्यातून, बिस्किटांतून, कॉफीतून. त्यावरून काढायचा धडा एवढाच की शेंग कोळशासारखी काळी करू नका. सालीवर तपकिरी डाग चालतात. भाजणं सोडून कच्चं खायचं, हा धडा त्यातून निघत नाही.

सोड्याने रंग टिकतो, यात खोटं काही नाही. हिरव्या रंगाच्या रेणूत मॅग्नेशियम असतं. शिजताना शेंगेतली आम्लं सुटतात, मॅग्नेशियम निघून जातं आणि रंग शेवाळी होतो. सोडा ते आम्ल मारतो. पण तोच सोडा पेशींच्या भिंतीही विरघळवतो. शेंग बाहेरून हिरवीगार आणि आतून लगदा, चवीला साबणासारखी, आणि ब१ जीवनसत्त्व गेलेलं. भाजायच्या शेंगेला तर सोडा लावूच नये, ओलसर मऊ साल भाजली जात नाही, चिकटून फाटते. रंग हवा असेल तर लिंबू, आमसूल, टोमॅटो शेवटी घाला. आधी घातलंत तर दोन नुकसानं होतात. रंग उतरतो आणि आम्लामुळे शेंग लवकर मऊ होत नाही.

फवारलेलं औषध धुण्याबद्दल: २०१७ साली अमेरिकेत सफरचंदांवर झालेल्या अभ्यासात सोड्याच्या सौम्य द्रावणात १२ ते १५ मिनिटं ठेवल्यावर सालीवरची दोन कीटक-बुरशीनाशकं निघाली, पण आत मुरलेली नाही निघाली. म्हणजे ‘सगळं’ नाही. भिजवायचं तर भिजवा, मग वाहत्या पाण्यात धुवा आणि पंचावर पसरून पूर्ण कोरड्या करा.

पनीरपेक्षा जास्त प्रोटीन? शंभर ग्रॅम फरसबीत दोन ग्रॅमच्या आसपास. पनीरमध्ये त्याच्या आठ-नऊ पट. आणि पूर्वजांचं म्हणाल तर ही वेल मूळची मध्य आणि दक्षिण अमेरिकेची. कोलंबसानंतरच ती जगभर गेली. फरसबी हा शब्दच ‘फ्रेंच बीन’चा मराठी उच्चार आहे.

मावशीला मी सांगितलं ते असं. ताटात उजवीकडे वाढायला, आमटी-भाताबरोबर किंवा भाकरीबरोबर, भाजलेली फरसबी करा. शेंग वाकवल्यावर टचकन मोडली पाहिजे. वाकून लोंबली तर शिळी, बाहेरून दाण्यांचे फुगवटे दिसले तर जून, ती भाजायला घेऊ नका, भाजीत शिजवा. दोन्ही टोकं मोडताना कडेची शीर ओढून काढा, राहिली तर भाजल्यावर दोऱ्यासारखी दातात अडकते.

ओव्हन असेल तर २२० अंशांवर दहा मिनिटं आधी तापवा. अर्धा किलो कोरड्या शेंगांना दोन मोठे चमचे तेल आणि पाऊण छोटा चमचा मीठ चोळा, ट्रेमध्ये घालायच्या अगदी आधी, नाहीतर मिठाने पाणी सुटतं. एकच थर, शेंगेवर शेंग नाही. ढीग केलात तर सुटलेली वाफ बाहेर पडत नाही आणि भाजण्याऐवजी शेंगा उकडतात. बहुतेकांचं बिघडतं ते इथेच. ट्रे लहान असेल तर दोन घाण्यांत करा. बाराव्या मिनिटाला परता, एकूण वीस ते पंचवीस मिनिटं. ठेचलेला लसूण शेवटच्या पाच मिनिटांत, आधी घातला तर जळून कडू होतो.

ओव्हन नसेल तर लोखंडी कढई आणि एका वेळी पाव किलो, त्याहून जास्त नको. शेंगांचे दोन इंचांचे तुकडे करा. एक मोठा चमचा तेल, मोहरी, हिंग, तुकडे, दोन मोठे चमचे पाणी, झाकण. मध्यम आचेवर आठ-दहा मिनिटं वाफ द्या, मध्ये तळ कोरडा वाटला तर आणखी चमचाभर पाणी शिंपडा. झाकणामुळे रंग थोडा उतरेल, उतरू दे. मग झाकण काढून मीठ घाला, आच मोठी करा आणि पाच-सहा मिनिटं परता, पण सारखं ढवळू नका. शेंग कढईला टेकून राहिली तरच डाग पडतो. यात फायदा असा की आधी शेंग वाफेत पूर्ण शिजते आणि मोठ्या आचेवर फार वेळ राहत नाही.

झाली का हे बघायला सगळ्यांत जाड तुकडा उघडा. आतला दाणा बोटात चिमटला की पिठासारखा दबला पाहिजे. चकचकीत, घट्ट, बोटातून निसटणारा दाणा म्हणजे आणखी चार मिनिटं, झाकण ठेवून. मग आच बंद करा, दोन चमचे दाण्याचं जाडसर कूट, भाजलेले तीळ, अर्ध्या लिंबाचा रस. लगेच वाढा, अर्ध्या तासाने शेंग मऊ पडते आणि कूट ओलं होतं.