रानपिंगळा अनुसूची १ मध्ये आहे. त्याची ढोली कुठल्या अनुसूचीत आहे?

रानपिंगळा या छोट्या घुबडाचा फोटो कुणी टाकला की खाली कुणीतरी हमखास लिहितं, "आता तो अतिसंकटग्रस्त राहिलेला नाही, संख्या वाढली आहे." या वाक्याचा पहिला अर्धा भाग खरा आहे, दुसरा नाही. ही चूक पसरत राहिली तर नुकसान पक्ष्याचं होईल, म्हणून जरा सविस्तर लिहितो आहे.

आययूसीएन या आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाच्या लाल यादीत २०१८ मध्ये रानपिंगळ्याची श्रेणी 'अतिसंकटग्रस्त'वरून 'संकटग्रस्त' झाली. कारण एवढंच की शोधणाऱ्यांनी जास्त जंगलं पालथी घातली आणि तो आधी माहीत नसलेल्या ठिकाणी सापडला. नव्या अंदाजानुसार जगभरात प्रौढ पक्षी २५० ते १,००० च्या दरम्यान असावेत, आणि पूर्वीच्या श्रेणीसाठी लागणाऱ्या मर्यादेच्या तो वर गेला. सातपुड्यात एकही जादा पिल्लू उडालं नसतं तरी ही श्रेणी बदलली असती. बदलली ती आपली माहिती. त्याच मूल्यांकनात त्याची संख्या घटत असल्याचं नोंदलेलं आहे, पण ती ओळ कुणी शेअर करत नाही.

दुसरी गोष्ट, लाल यादी म्हणजे कायदा नव्हे. ती शास्त्रज्ञांनी लावलेली धोक्याची प्रतवारी आहे. त्या यादीच्या आधारे कुणाला अटक होत नाही, कुठलं झाड वाचत नाही. भारतात जे चालतं ते वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२. त्यात रानपिंगळा अनुसूची १ मध्ये आहे, म्हणजे वाघाच्या पंगतीत. आंतरराष्ट्रीय व्यापारासाठीच्या साइट्स करारातही तो परिशिष्ट १ मध्ये आहे. कागदावर याहून वरची जागा उरलेली नाही. मग अडचण कुठे आहे? त्याकडे येतो. आधी हा पक्षी कोण, ते सांगायला हवं, कारण महाराष्ट्रातल्या बहुतेकांना तो आपल्या घरचा आहे हेच माहीत नाही.

जेमतेम वीतभर उंचीचं, गुटगुटीत घुबड. गावाच्या वेशीवर, जुन्या वाड्यात दिसणारा ठिपक्यांचा पिंगळा वेगळा. रानपिंगळ्याच्या डोक्यावर ठिपके जवळजवळ नसतात, पंख आणि शेपटीवर रुंद ठळक पट्टे असतात, पोट पांढरंशुभ्र, पाय दणकट आणि पिसांनी भरलेले. आणि तो दिवसा शिकार करतो. सकाळच्या उन्हात निष्पर्ण फांदीच्या टोकाला बसतो, शेपूट इकडून तिकडे झटकतो, खाली सरडा, उंदीर किंवा मोठा किडा दिसला की झेपावतो. त्याला दाट, काळोखं जंगल नको असतं. त्याला लागतो विरळ सागवानी पानझडीचा पट्टा, मधे मोकळी जागा, आणि घरट्यासाठी ढोली. ढोली तो स्वतः कोरत नाही. सुतार पक्ष्याने कोरलेली किंवा फांदी कुजून झालेली पोकळी त्याला आयती मिळावी लागते, आणि ती मिळते म्हाताऱ्या, किडलेल्या, अर्धवट वाळलेल्या झाडात. हे झाड लक्षात ठेवा, पुढचं सगळं त्याच्याभोवती फिरतं.

या पक्ष्याचा इतिहास आपल्या मातीतला आहे आणि तो चोरीला गेला होता. अक्षरशः. १८७२ मध्ये ब्लुइट नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याला आजच्या छत्तीसगडमधल्या बसना-फुलझर भागात याचा पहिला नमुना मिळाला. १८७३ मध्ये ए. ओ. ह्यूम यांनी (हेच पुढे काँग्रेसच्या स्थापनेत होते) त्याचं वर्णन केलं आणि ब्लुइटचं नाव त्याला दिलं. त्यानंतर १८८० च्या दशकात जेम्स डेव्हिडसन या खानदेशातल्या सनदी अधिकाऱ्याने शहादा-तळोदा पट्ट्यातून काही नमुने गोळा केले. १८८४ नंतर शांतता. जगभरच्या संग्रहालयांत मिळून सातेक कातडी, बाकी काही नाही.

मधे एक नोंद मात्र होती. कर्नल रिचर्ड माइनर्ट्झहागन या ब्रिटिश पक्षी-संग्राहकाच्या संग्रहात गुजरातेतल्या तापीकाठच्या मांडवीहून १९१४ साली मिळवल्याची चिठ्ठी लावलेला एक नमुना. एवढ्या नामवंत माणसाची चिठ्ठी म्हटल्यावर शोधणाऱ्यांची नजर तिकडे वळली. विसाव्या शतकात सालिम अली आणि डिलन रिप्ली यांच्यासारख्या पक्षीशास्त्रज्ञांनी शोध घेतला, हाती काही लागलं नाही. पक्षी नामशेष झाला असावा असं बोललं जाऊ लागलं. नव्वदच्या दशकात अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संस्थेच्या पक्षीशास्त्रज्ञ पामेला रासमुसेन यांनी तो नमुना बारकाईने तपासला. कातडं सोलण्याची आणि भरण्याची पद्धत, टाके, आतला कापूस, क्ष-किरण चित्रं, सगळं बघितल्यावर निष्पन्न झालं की हा डेव्हिडसनचाच पक्षी. ब्रिटिश संग्रहालयातून उचललेला, पुन्हा शिवलेला, खोटी चिठ्ठी लावलेला. त्या खोट्या चिठ्ठीने कित्येक वर्षं शोध भलतीकडे नेला.

मग रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड अॅबट यांनी मांडवी सोडून खऱ्या नोंदींच्या जागा धरल्या. आधी पूर्वेकडची जुनी ठिकाणं, मग खानदेश. २५ नोव्हेंबर १९९७ रोजी सकाळी शहाद्याजवळ सातपुड्याच्या पायथ्याला तो दिसला. ११३ वर्षांनी. त्याने जिल्हाही बदलला नव्हता. डेव्हिडसनने जिथे पाहिला त्याच परिसरात तो पिढ्यानपिढ्या दिवसाढवळ्या उघड्या फांदीवर बसत होता. नंदुरबारच्या लेकरांना शाळेत हे शिकवलं जात नाही याचं मला मनापासून वाईट वाटतं.

त्यानंतर बीएनएचएसच्या (बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या) फराह इश्तियाक आणि असद रहमानी यांनी तोरणमाळ, तळोदा, मेळघाट, मध्य प्रदेशातलं खकनार असा पट्टा धुंडाळला. पुढे गिरीश जठार, पुण्याच्या प्राची मेहता आणि त्यांचे सहकारी यांनी मेळघाट आणि आसपास वर्षानुवर्षं काम केलं. २०१४ मध्ये तो तानसा अभयारण्यात दिसला आणि पक्षीमित्रांची झोप उडाली. जो पक्षी फक्त सातपुड्याचा समजत होतो तो मुंबईला पाणी देणाऱ्या तलावाच्या रानात, सह्याद्रीच्या अंगणात! नंतर पालघरच्या रानातून आणि गुजरातेतल्या डांगमधूनही नोंदी आल्या. श्रेणी बदलली ती या पायपिटीमुळे. त्या मंडळींचं कौतुक करावं तेवढं थोडं, पण त्यांच्या पायपिटीचा अर्थ "आता काळजी नको" असा कुणी काढत असेल तर तो त्यांच्या कामाचा अपमान आहे.

आता कायद्याकडे.

अनुसूची १ मधल्या प्राण्याची शिकार केली तर किमान ३ वर्षं, जास्तीत जास्त ७ वर्षं कैद. २०२२ च्या दुरुस्तीने किमान दंड १० हजारांवरून २५ हजार रुपये केला. 'शिकार' या शब्दाची व्याख्याही कायद्यात रुंद आहे. पक्ष्याची अंडी फोडणं, अंड्यांना किंवा घरट्याला त्रास देणं हेसुद्धा शिकारीतच मोडतं. हे सगळं चांगलं आहे, हवंच आहे.

पण हे कलम लागू होतं ते ढोलीत अंडी-पिल्लं असतील तेव्हा, आणि ती आहेत हे कुणाला तरी ठाऊक असेल तेव्हा. पिल्लं उडून गेली, ढोली रिकामी झाली, की ते झाड पुन्हा फक्त एक किडकं झाड उरतं. अभयारण्यात ते झाड सुरक्षित आहे, कारण तिथे अधिवास नष्ट करायलाच बंदी आहे. मेळघाटात व्याघ्र प्रकल्प आहे, तानसा आणि यावल अभयारण्यं आहेत, तोरणमाळला संवर्धन राखीव क्षेत्राचा दर्जा मिळालेला आहे. या सगळ्यांच्या बाहेर, तळोदा-शहाद्याकडच्या प्रादेशिक वनात, पालघरच्या तुकड्या-तुकड्यांच्या रानात, जिथे हा पक्षी आजही राहतो, तिथे त्याच्या जंगलाचं काय करायचं हे वन्यजीव कायदा ठरवत नाही. ते ठरतं वनविभागाच्या कार्य आयोजनेत, म्हणजे जंगलाच्या कामांच्या आराखड्यात. कुठल्या वर्षी कुठलं कूप (तोडीसाठी आखलेला जंगलाचा तुकडा), कुठली झाडं काढायची, कुठे नवं सागवान लावायचं. आणि वनशास्त्राच्या जुन्या शिकवणीत वाळलेलं, पोकळ, वाकडं झाड म्हणजे आधी काढायचं झाड. जंगल 'निरोगी' करण्यासाठी. सरळसोट, एकाच वयाच्या सागाची लागवड वनखात्याच्या हिशेबात उत्तम जंगल असते. रानपिंगळ्याला तिथे बसायला फांदी मिळेल, पिल्लं वाढवायला ढोली मिळणार नाही.

हे झालं खात्याचं. सरपणासाठीही पहिलं झाड जातं ते वाळलेलंच. आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी मोहफुलं वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाचोळा पेटवला जातो. आग पुढे सरकते आणि पोकळ बुंधा आतून धुमसत राहतो. नेमक्या याच महिन्यांत पिल्लं ढोलीत असतात.

इथे मला एक गोष्ट ठासून सांगायची आहे, कारण या मुद्द्यावर पक्षीप्रेमी गटांत फार उथळ बोललं जातं. "वनहक्क कायद्याने सातपुडा संपवला, आदिवासींना बाहेर काढा, पक्षी वाचेल." मला हे मान्य नाही. १९९७ मध्ये रानपिंगळा सापडला तो माणसांनी वापरलेल्या, गुरं चरणाऱ्या, विरळ रानात. पावरा, भिल्ल, कोरकू माणसं तिथे या पक्ष्यासोबत राहत आली आहेत. नवी अतिक्रमणं होतात, शेतं वर डोंगरात सरकतात, हेही खरं आहे आणि ते थांबलंच पाहिजे. पण २००६ च्या त्याच वनहक्क कायद्यात ग्रामसभेला जंगल, वन्यजीव आणि जैवविविधता राखण्याचा अधिकार स्पष्ट शब्दांत दिलेला आहे. सामूहिक वनहक्क मिळालेल्या अमरावती जिल्ह्यातल्या पायविहीर या कोरकू गावाने उजाड टेकड्यांवर पुन्हा जंगल उभं करून दाखवलं. वनरक्षकाला एका बीटमध्ये, म्हणजे त्याच्या गस्तीच्या हद्दीत, शेकडो हेक्टर फिरायचं असतं. कुठल्या मोईच्या झाडाला ढोली आहे, कुठल्या सालईवर घुबड बसतं, हे गुराख्याला त्याच्याहून आधी कळतं. अशा गावाला बाजूला सारून हा पक्षी वाचवता येईल असं मला वाटत नाही.

अंधश्रद्धेबद्दल थोडक्यात. लक्ष्मीपूजनाच्या सुमारास घुबडांचा चोरटा व्यापार वाढतो, वन्यजीवांच्या व्यापारावर नजर ठेवणाऱ्या 'ट्रॅफिक'सारख्या संस्था वर्षानुवर्षं हे सांगत आहेत. विकणारा आणि विकत घेणारा रानपिंगळा आणि साधा पिंगळा यात फरक करत नाहीत. कुठेही घुबड विक्रीला दिसलं तर वनविभागाचा १९२६ हा क्रमांक फिरवा. फोटो काढून समाजमाध्यमावर टाकण्याआधी फोन करा.

आता माझं मागणं. केंद्र सरकारच्या प्रजाती पुनर्प्राप्ती कार्यक्रमात २०२१ मध्ये कॅराकल या रानमांजराची भर पडून २२ नावं झाली. हिमबिबट्या आहे, माळढोक आहे, जर्डनचा धाविक हा पक्षी आहे, जो रानपिंगळ्यासारखाच नामशेष समजला जाऊन पुन्हा सापडला. रानपिंगळा त्या २२ मध्ये नव्हता. जगात फक्त मध्य भारतात आणि त्यालगतच्या पश्चिम घाटात सापडणारा, ज्याच्या महत्त्वाच्या जागांतल्या बऱ्याचशा एकट्या महाराष्ट्रात आहेत, असा पक्षी. त्याच्यासाठी दिल्लीकडे आग्रह धरायचं काम मुंबईतल्या मंत्रालयाचंच आहे.

पण दिल्लीची वाट न बघता होण्यासारखं एक काम आहे, आणि त्याला कायद्यात एक अक्षरही बदलावं लागत नाही. नंदुरबार, धुळे, जळगाव, अमरावती, ठाणे आणि पालघर भागातल्या कार्य आयोजना जेव्हा नव्याने लिहिल्या जातील, तेव्हा त्यात एक अट घाला: रानपिंगळ्याची नोंद असलेल्या कक्षांत (वनविभागाने आखलेल्या जंगलाच्या क्रमांकित भागांत) ढोली असलेलं कुठलंही झाड, जिवंत असो की मेलेलं, तोडायचं नाही. कूप आखताना अशा झाडांवर आधी खूण करायची. खूण करायला गावातला माणूस सोबत घ्यायचा, त्याला त्याची मजुरी द्यायची. मोहाखाली पाचोळा जाळण्याऐवजी जाळी अंथरायला ग्रामसभेला मदत करायची, म्हणजे आग लागणार नाही. याला फार पैसा लागत नाही. उपवनसंरक्षकांनी मनावर घेतलं तर पुढच्या हंगामात सुरुवात होऊ शकते.

आणि कॅमेरा घेऊन जाणाऱ्या मित्रांना हात जोडून विनंती. मोबाइलवर त्याचा आवाज वाजवून त्याला जवळ बोलावू नका. त्याला वाटतं हद्दीत दुसरा नर घुसला, आणि तो अंडी-पिल्लं सोडून भांडायला येतो. घरट्याची जागा, झाड, रस्ता, यातलं काहीही पोस्टमध्ये लिहू नका, जीपीएसची नोंद फोटोतून काढून टाका. ऑक्टोबर ते मे हा त्याचा विणीचा काळ. या दिवसांत ढोली सापडली तर ती पहिल्यांदा वनक्षेत्रपालांना कळवा, कक्ष क्रमांकासह लेखी, आणि त्या पत्राची पोच घेऊन ठेवा. पुढे त्या कक्षात कूप पडायची वेळ आली तर तीच पोच दाखवता येईल.