चिंगीच्या गाठी

मुलीने कुत्रा मागितला होता. मी नाही म्हटलं. मग मांजर, मग ससा, अशी भाजीबाजारासारखी घासाघीस होत सौदा हॅमस्टरवर पटला. मूठभर जीव, दोन-अडीच वर्षांचं आयुष्य, त्याची दुखणी ती काय असणार, असा माझा हिशेब. आई पिंजऱ्याकडे बघून एवढंच म्हणाली, "लोक उंदरासाठी पिंजरा आणतात. तुम्ही पिंजऱ्यासाठी उंदीर आणलात."

मुलीने नाव ठेवलं चिंगी. दुसऱ्याच दिवशी चिंगीचे दोन्ही गाल टम्म सुजले. मी गालगुंडाचं निदान केलं. लेप कसला लावावा यावर घरात चर्चा चालू असताना चिंगी कोपऱ्यात गेली, पुढच्या पंजांनी गाल दाबले आणि सूर्यफुलाच्या बिया एकेक करून बाहेर काढायला लागली. मुलीने मोजल्या, एकोणीस निघाल्या. वर अर्धा शेंगदाणा. हॅमस्टरच्या गालातल्या पिशव्या थेट खांद्यामागपर्यंत जातात. जर्मन भाषेत साठेबाजी करण्यासाठी या प्राण्यावरूनच क्रियापद आहे, हे मला नंतर कळलं.

मग दात दिसले. आमच्या एका तंबाखूवाल्या काकांसारखे पिवळेजर्द. मी हळहळलो. तर हॅमस्टरचे निरोगी दात पिवळेच असतात म्हणे, पांढरे पडले तर घाबरायचं. मग कमरेच्या दोन्ही बाजूंना काळे डाग सापडले. ते त्वचारोग नव्हते, वासाच्या ग्रंथी होत्या. एकदा ती स्वतःचीच लेंडी उचलून चघळताना दिसली. तेही नॉर्मल निघालं. या प्राण्यात जे जे किळसवाणं ते ते तब्येतीचं लक्षण, असं माझं मत होत चाललं होतं, तेवढ्यात गाठी दिसल्या.

शेपटीखाली. दोन. सारख्या आकाराच्या. आठवडाभरात डोळ्यांदेखत वाढलेल्या.

हे मात्र मी कुणाला बोललो नाही. लाडवाच्या डब्याच्या झाकणाला भोकं पाडली, चिंगीला आत ठेवलं आणि मुलीला घेऊन जनावरांचा दवाखाना गाठला. समोर लॅब्रॅडॉर, शेजारी टोपलीत पर्शियन मांजर, मांडीवर आमचा डबा. मांजर डब्याकडे फार प्रेमाने बघत होतं.

डॉक्टरांनी चिंगीला उचललं, उलटं केलं, चष्मा कपाळावर सरकवला. मी श्वास रोखून धरला.

"या गाठी नाहीत," ते म्हणाले. "हा नर आहे."

"म्हणजे त्या काय आहेत?" मुलीने विचारलं. दार उघडंच होतं. बाहेर लॅब्रॅडॉरचे मालक एकदम मोबाइलमध्ये गढून गेले.

अशा रीतीने आयुष्यात पहिल्यांदा मी पैसे मोजून लिंगनिदान करून घेतलं.

डॉक्टर भले होते, हसले नाहीत. उलट समोर बसवून सांगितलं, की तुम्ही बघताय ते सगळं चुकीचं बघताय. हा शिकार होणारा प्राणी, दुखणं लपवणं हा त्याचा स्वभाव. गाल सुजला तर दिवसभरात ओसरतो का बघा. शेपटीखाली ओलं दिसलं, जुलाब लागले, तर मात्र सकाळची वाट बघू नका, दोन-तीन दिवसांत खेळ आटोपतो. आणि दर आठवड्याला वजन करा. तेव्हापासून बेसन मोजायच्या काट्यावर दर रविवारी चिंग्या बसतो. वही घातली आहे: "१३४ ग्रॅम. शी कोरडी. मूड वाईट."

मूड वाईट, कारण रात्री दोन वाजता तो पिंजऱ्याचे गज दातांनी करकरा चावायचा. मला वाटलं दात शिवशिवत असतील. डॉक्टर फोनवर म्हणाले, "जागा कमी पडतेय. कंटाळलाय." आम्ही वन बीएचकेमध्ये चौघं राहतो, कंटाळा आम्हालाही आहे, आम्ही गज चावत नाही, पण हे त्यांना सांगितलं नाही. मोठा पिंजरा आला, मोठं चाक आलं. खोड मात्र जुनी आहे. १९३० मध्ये इस्राएल आहारोनी या प्राणिशास्त्रज्ञाने सीरियात अलेप्पोजवळच्या शेतातून एक मादी आणि तिची अकरा पिल्लं खणून काढली. आजचे बहुतेक पाळीव सीरियन हॅमस्टर त्याच कुटुंबातले. त्यातली काही तेव्हाच लाकडी पिंजरा कुरतडून पळाली होती. म्हणजे घराणंच तसं.

चाकाचा रात्रभर घर्रघर्र आवाज. शेवटी मीच पिंजरा गॅलरीत ठेवला. जानेवारी होता, आणि आमचं नाशिक. निफाडचा पारा घसरल्याच्या बातम्या चालू होत्या. त्या मी चहा पिताना वाचायचो, पिंजऱ्याशी त्यांचा संबंध लावला नाही.

सकाळी चिंग्या गार पडला होता. गोल वळलेला, ताठ, हलवलं तरी हालचाल नाही. मुलगी रडायला लागली. मी मनातल्या मनात खालच्या पारिजातकाजवळ जागाही ठरवली. आईने मला बाजूला सारलं, त्याला ओंजळीत घेतलं, जुन्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळून पदराखाली धरलं आणि खुर्चीत बसून राहिली. बऱ्याच वेळाने म्हणाली, "मिशी हलली."

डॉक्टरांना फोन केला. थंडीत हे असे गारठून निजतात, हळूहळू ऊब द्या, हीटरसमोर धरू नका, म्हणाले. अर्ध्या तासाने पदराखाली थरथर सुरू झाली. मग आई ओरडली.

"काय झालं?"

"चावला मेला!" आईचा चेहरा उजळला होता. "चांगला करकचून चावला!"

बोटावर दोन बारीक टिंबं उमटली होती. धनुर्वाताच्या इंजेक्शनला रिक्षातून जाताना ती म्हणाली, "पिंजरा देवघराशेजारी ठेव. तिथे वारं लागत नाही."

म्हटलं, उदबत्तीचा धूर त्याला चालणार नाही.

सध्या उदबत्ती गॅलरीत लागते.