तिमो साल्मिनेनचा हार्ड लाइट

फिनलंडचा दिग्दर्शक आकी कौरिस्माकीचे सिनेमे डोक्यावर घेणारे पुष्कळ आहेत. पण १९८३ च्या ‘क्राइम अँड पनिशमेंट’पासून २०२३ च्या ‘फॉलन लीव्हज’पर्यंत त्याचा कॅमेरा आणि प्रकाशयोजना सांभाळणाऱ्या छायालेखक तिमो साल्मिनेनचं नाव क्वचितच कुणी घेतं. वर ऐकायला मिळतं, “कॅमेरा तर हलतच नाही, त्यात कसलं कौशल्य?” याचा मला खरोखर राग येतो.

आज बहुतेक सेटवर मोठा एलईडी, पुढे डिफ्यूजन (उजेड पसरवणारा पडदा), सगळीकडे मऊ उजेड. नट दोन पावलं सरकला तरी निभावून जातं. साल्मिनेन चेहऱ्यावर थेट, कडक ‘की लाइट’, म्हणजे मुख्य दिव्याचा उजेड टाकतो आणि भिंतीवर धारदार सावली पडली तर पडू देतो. हाच हार्ड लाइट, आणि तो काहीच पोटात घालत नाही. नटाची मान जरा वळली की नाकाची सावली ओठांवर येते. हनुवटी खाली गेली की डोळ्यांच्या खोबण्या काळ्या. असे दोन कडक दिवे एकमेकांत मिसळले की भिंतीवर दोन सावल्या, आणि बूमची (काठीला टांगलेल्या माइकची) सावली वेगळीच.

अंतराचा हिशोब तर फारच काटेकोर. दिवा पाच फुटांवर असताना नट फूटभर पुढे आला की एक्स्पोजर जवळपास दोन तृतीयांश स्टॉपने चढतं (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड). तोच दिवा १५ फुटांवर नेला तर पाव स्टॉपचाही फरक पडत नाही. पण मग दिवा मोठा लागतो आणि मागची भिंतही जवळजवळ चेहऱ्याइतकी उजळते; तिच्यावरचा उजेड फ्लॅग, म्हणजे काळा आडोसा लावून कापावा लागतो.

आता कौरिस्माकीची माणसं आठवा. उभी राहतात, सिगारेट ओढतात, दोन वाक्यं बोलतात. समीक्षक याला अभिनयशैली म्हणून मोकळे होतात. माझं मत ठाम आहे: तो स्थिरपणा आणि हा लाइट यांना वेगळं काढताच येत नाही. जागेवर थांबणाऱ्या माणसालाच असं उजळता येतं, आणि असं उजळलं म्हणूनच त्याच्या गप्प चेहऱ्याकडे बघत राहावंसं वाटतं. त्यात दिग्दर्शक शक्यतो पहिल्या टेकवर थांबणारा. लाइट आधीच पक्का नसेल तर सुधारायला संधीच नाही.

रंगीत सिनेमात निळसर-हिरवी भिंत चेहऱ्याला आपोआप पुढे आणते. ‘ला व्ही द बोएम’ (१९९२) आणि मूकपट ‘युहा’ (१९९९) कृष्णधवल. तिथे तो आधार नाही, काळे केस काळोखातून सोडवायचे ते बॅक लाइटने, म्हणजे मागच्या दिव्यानेच.

साल्मिनेननेच चित्रित केलेला, अर्जेंटिनाच्या लिसांद्रो अलोन्सोचा ‘हौहा’ (२०१४) पाहिल्याशिवाय मात्र त्याच्याबद्दल मत बनवू नका. पातागोनियाचा उघडा माळ, गोल कोपऱ्यांची जवळपास चौकोनी फ्रेम आणि इतके गडद रंग! फक्त खोल्याच उजळणारा माणूस हे करू शकत नाही.

शिकणाऱ्यांनी कौरिस्माकीच्या ‘ल हाव्र’मधला (२०११) घरातला कुठलाही क्लोजअप थांबवून बघावा. नाकाची सावली ज्या बाजूला, दिवा त्याच्या विरुद्ध बाजूला. ती जितकी खाली उतरलेली, दिवा तितका उंच. बुबुळांतले ठिपके मोजले की समोर किती दिवे होते तेही कळतं.