बिनपेटंटचा बल्ब

भाच्याचा फोन आला तेव्हा मी भाजी फोडणीला टाकत होतो. "मामा, माझं पेटंट आलं!" पठ्ठ्या इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. मी शेगडी बंद केली आणि व्हॉट्सअॅप उघडलं. सर्टिफिकेट झोकदार होतं. वर परदेशी राजमुद्रा, खाली नऊ नावं. त्यातल्या पाच जणांना भाच्यानं जन्मात पाहिलेलं नाही. आणि ते पेटंट नव्हतंच. ती एका डब्याच्या डिझाइनची नोंदणी होती, म्हणजे डबा दिसतो कसा एवढ्याचीच. डबा करतो काय, याच्याशी त्या कागदाला काही देणंघेणं नाही. नाव घालायचे प्रत्येकाकडून पैसे घेतले होते. "पण सर म्हणाले, कॉलेजच्या रँकिंगला चालतं."

त्याचा खरा प्रोजेक्ट मात्र मला आवडला. कांदा चाळीत आतल्या आत सडायला लागला की वासावरून आधीच कळवणारा सेन्सर. मी विचारलं, "चाळीत लावून बघितलास का?"

"नाही ना. सर म्हणाले, पेटंट होईपर्यंत कुणाला दाखवायचं नाही."

मी नेदरलँड्समधल्या आइंडहोव्हनला राहतो, मशिनचे सुटे भाग डिझाइन करून पोट भरतो. गावाकडच्या ग्रुपवर पेटंटचा विषय निघाला की दोन फळ्या पडतात. एका फळीला आकडे आवडतात. २०२३-२४ या वर्षात भारतात एक लाखाहून जास्त पेटंटं मंजूर झाली, म्हणजे आपण महासत्ता झालोच. दुसरी फळी हळदीवाली. पेटंट म्हणजे गोऱ्यांनी आपल्या आजीच्या बटव्यावर घातलेला दरोडा, असं तिचं म्हणणं. दोघांचंही मला पटत नाही, आणि त्याचं कारण माझ्या घरापासून सायकलवर दहा मिनिटांवर आहे.

मागच्या उन्हाळ्यात आई-अण्णा आले होते. अण्णांना फिलिप्सचं म्युझियम बघायचं होतं, कारण आमच्या घरातला पहिला रेडिओ फिलिप्सचा. एमासिंगेल रस्त्यावरच्या त्या जुन्या कारखान्यात, बंद पडलेल्या कापडगिरणीच्या जागेत, १८९१ साली गेरार्ड फिलिप्सनं बापाच्या पैशावर बल्ब करायला सुरुवात केली. कापसातल्या सेल्युलोजचा लगदा करायचा, बारीक भोकातून दाबून त्याचा धागा काढायचा, तो हवा लागू न देता भाजून त्याचा कोळसा करायचा आणि काचेत कोंडायचा. अण्णांनी धाग्याजवळ चष्मा नेला. मग त्यांनी जो प्रश्न विचारला तो तिथं लिहिलेल्या पाट्यांवर नव्हता. "पण बल्बचं पेटंट तर एडिसनकडे होतं ना? ह्यांना कुणी अडवलं नाही?"

नाही अडवलं, कारण अडवायला कायदाच नव्हता. नेदरलँड्सनं १८६९ साली आपला पेटंट कायदा सरळ रद्द करून टाकला आणि पुढं १९१२ पर्यंत, तब्बल ४३ वर्षं, हा देश बिनपेटंटचा राहिला. तेव्हा युरोपात खुल्या व्यापाराचं वारं होतं. पेटंट म्हणजे सरकारनं एकाला दिलेली मक्तेदारी, आणि मक्तेदारी म्हणजे गिऱ्हाइकाच्या खिशाला चाट, असं इथल्या संसदेतल्या बहुतेकांना वाटत होतं. गंमत म्हणजे १८८३ च्या पॅरिस करारावर सही करणाऱ्या पहिल्या देशांत हे होते. आपल्या माणसांना बाहेर पेटंटं घेता यावीत, घरात मात्र कुणाची चालू नयेत! व्यापारी डोकं म्हणतात ते हेच.

अण्णा एवढंच म्हणाले, "म्हणजे ह्यांनीही ढापलंच की रे."

ढापलं हा शब्द थोडा कडक आहे, पण खोटा नाही. इथून जवळच ओस नावाचं गाव आहे. मेज-मूरिएस या फ्रेंच माणसानं १८६९ साली मार्गारिन, म्हणजे नकली लोणी, शोधून पेटंट घेतलं, आणि दोनेक वर्षांत ओसमधल्या युर्गेन्स या लोण्याच्या व्यापाऱ्यांनी ते करायला घेतलं. शेजारचे फान डेन बर्गही मागून आलेच. पुढं ही दोन घराणी एकत्र आली, मग इंग्लंडच्या लिव्हर ब्रदर्सबरोबर त्यांची युनिलिव्हर झाली, आणि युनिलिव्हरनं आपल्याला डालडा दिला. आपल्या आज्यांनी ज्याच्या रिकाम्या डब्यांत तुळशी लावल्या, त्याचं मूळ शोधत गेलं तर एका बिनपेटंटच्या देशात पोचतं.

डच भाषेत पेटंटला 'ऑक्ट्रॉय' म्हणतात. हाच शब्द १६०२ साली डच ईस्ट इंडिया कंपनीला मिळालेल्या सनदेसाठीही वापरला गेला. आशियाच्या व्यापाराची मक्तेदारी, मुदत २१ वर्षं. आजच्या पेटंटची मुदत २० वर्षं आहे. वेंगुर्ल्याला डच वखारीचे जे पडके अवशेष आहेत, ते त्या पहिल्या ऑक्ट्रॉयचं आपल्याकडचं टोक. त्यामुळं पेटंट हा शब्द ऐकला की बुद्धी, प्रतिभा वगैरे माझ्या डोक्यात आधी येत नाही. कुणाला किती वर्षं मक्ता दिला आणि बदल्यात काय घेतलं, एवढाच हिशेब मनात येतो.

बदल्यात घ्यायचं ते दोन प्रकारचं. एक, शोधायला लागणारा खर्च कुणीतरी उचलावा. दोन, शोध कागदावर उघडा करून सांगावा, म्हणजे मुदत संपल्यावर तो सगळ्यांचा होईल. हा सौदा दर वेळी फायद्याचा ठरतोच असं नाही. मॅन्सफिल्ड नावाच्या अमेरिकन अर्थतज्ज्ञानं १९८६ साली तिथल्या शंभर कंपन्यांची पाहणी मांडली. औषधांतले सुमारे ६५ टक्के शोध पेटंट नसतं तर बाजारात आलेच नसते, असं कंपन्यांचं म्हणणं. मोटारी, कापड, रबर यांत तोच आकडा शून्य! एकच कायदा, एकच मुदत, आणि धंद्याधंद्यात एवढी तफावत. त्याच्याही आधी, १९५८ साली, फ्रिट्झ माखलुप या अर्थतज्ज्ञांनी अमेरिकन सिनेटच्या समितीला लिहून दिलं होतं की पेटंट पद्धत आज नसती तर ती आणा असं सांगणं बेजबाबदारपणाचं झालं असतं, पण ती आहेच, तर ती मोडा असं सांगणंही तितकंच बेजबाबदार आहे. अर्थतज्ज्ञांना एवढ्या प्रामाणिकपणे हात वर करताना मी क्वचित पाहिलंय.

डचांसारखंच आपणही केलं, फक्त आपण ते विसरलो. इंग्रजांच्या काळापासूनच्या कायद्यात औषधाच्या रेणूवरच पेटंट मिळायचं आणि भारतातले औषधांचे भाव जगातल्या सर्वांत चढ्या भावांत गणले जायचे. न्या. अय्यंगारांनी १९५९ साली अहवाल दिला, त्यावरून १९७० चा कायदा झाला, तो १९७२ ला लागू झाला. औषधावर पेटंट नाही, फक्त ते बनवायच्या रीतीवर, तेही मोजक्या वर्षांसाठी. मग आपले केमिस्ट कामाला लागले. तेच औषध दुसऱ्या वाटेनं कसं करता येईल, हाच त्यांचा अभ्यासक्रम. त्या शिक्षणाचं फळ २००१ साली जगानं पाहिलं. मुंबईच्या सिप्लानं एचआयव्हीची तिहेरी औषधं वर्षाला ३५० डॉलरला देऊ केली, तेव्हा पाश्चात्त्य कंपन्यांचा भाव दहा हजार डॉलरच्या पुढं होता.

२००५ पासून जागतिक व्यापार कराराप्रमाणं औषधांवरही पेटंट आलं. पण आपण कायद्यात कलम ३(ड) घालून ठेवलं: जुन्याच औषधाचं नवं रूप आणाल तर ते जास्त गुणकारी आहे हे दाखवा. त्याच कलमावर १ एप्रिल २०१३ ला सर्वोच्च न्यायालयानं नोव्हार्टिसच्या रक्तकर्करोगावरच्या ग्लिव्हेकचं पेटंट नाकारलं. त्याच्या आदल्या वर्षी मुंबईच्या पेटंट कार्यालयातून बायरच्या नेक्साव्हार या कर्करोगावरच्या औषधासाठी सक्तीचा परवाना निघाला होता, म्हणजे पेटंटवाल्याची संमती नसली तरी दुसऱ्यानं ते बनवायची मुभा. महिन्याचा खर्च २ लाख ८० हजारांवरून ८,८८० रुपयांवर. इथल्या ऑफिसात हा विषय निघाला की सहकारी भुवया उंचावतात. मी त्यांना त्यांच्या १८६९ ते १९१२ या वर्षांची आठवण करून देतो. त्यातल्या बहुतेकांना ती माहीतच नसतात.

पण इथंच मला आपल्या हळदीवाल्या फळीशी भांडायचंय. हळदीचा लढा मोठा होता, वादच नाही. जखमेवर हळद लावायचं अमेरिकन पेटंट १९९५ साली निघालं. माशेलकरांच्या सीएसआयआर या सरकारी संशोधन संस्थेनं जुने ग्रंथ आणि १९५३ चा एक शोधनिबंध पुढं टाकून ते १९९७ ला रद्द करून घेतलं. त्यातून सिद्ध इतकंच झालं की पेटंट मिळालं म्हणून त्यात काही नवं असतंच असं नाही. आपण काही नवं केलं, असं त्यातून सिद्ध होत नाही.

फिलिप्सचं पुढं काय झालं ते बघा. १९१२ ला कायदा आला, आणि १९१४ ला त्यांनी प्रयोगशाळा काढली, नॅटलॅब. खरं तर कायद्यापेक्षा अमेरिकेची भीती मोठी होती. जनरल इलेक्ट्रिकनं टंगस्टनच्या तारेचे आणि वायू भरलेले दिवे आणले होते, नक्कल करून आता भागणार नव्हतं. म्हणून होल्स्ट नावाच्या तरुण भौतिकशास्त्रज्ञाला बोलावलं आणि बरीच मोकळीक दिली. आज या गावातल्या हाय टेक कॅम्पसवर मराठी ऐकू येतं, ते त्या प्रयोगशाळेच्याच आवारात. औषधांवर पेटंट नसलेल्या आपल्या ३३ वर्षांनंतर आपल्या किती औषध कंपन्यांनी असा होल्स्ट शोधला? काहींनी प्रयत्न केले, बहुतेक जण जेनेरिकमध्ये रमले. भारत संशोधनावर देशाच्या उत्पन्नाच्या ०.६४ टक्के खर्च करतो, नेदरलँड्स सव्वादोन टक्क्यांच्या आसपास. कायदा कसाही असो, हा फरक कुठल्या सर्टिफिकेटनं भरून निघेल?

आणि इथली पेटंटं म्हणजे सरस्वतीचं देवघर आहे असंही कुणी समजू नये. आमच्याकडे दर महिन्याला एक बैठक होते. तुम्ही नवी कल्पना मांडलीत की पेटंट वकीलबाईंचा पहिला प्रश्न ठरलेला: "समोरच्यानं हे आपल्या मशिनमध्ये वापरलं तर आपल्याला बाहेरून कळेल का?" कळणार नसेल तर पेटंट घेत नाहीत, गुपचूप वापरतात. माझ्या हातून झालेल्या सगळ्यांत चांगल्या कामाचं पेटंट म्हणूनच नाही. उलट, ज्याचं आहे ती एक साधी कडी आहे, कुणी कधी वापरली नाही. ती कुंपणासाठी घेतली, शेजाऱ्यानं इकडं फिरकू नये म्हणून. शिवाय पेटंटमधून होणाऱ्या कमाईवर इथं २५.८ ऐवजी ९ टक्के कर बसतो, हेही कारण असतंच. आकडे मोजणाऱ्या फळीनं लाखात माझी ती कडीही धरावी.

करोनात पुन्हा हाच वाद झाला. भारत आणि दक्षिण आफ्रिकेनं लसींवरचे हक्क थांबवा म्हणून ऑक्टोबर २०२० मध्ये मागणी केली, युरोपनं ती अडवून धरली, मला इथं राहून लाज वाटली. पण पुण्याच्या सीरमनं कोव्हिशील्डच्या कोट्यवधी कुप्या भरल्या त्या कुणाचं पेटंट मोडून नव्हे, तर परवाना घेऊन, आणि पेशी कशा वाढवायच्या याची हातातली माहितीही त्याबरोबर आली म्हणून. ती हातातली माहिती पेटंटच्या कागदावर पूर्ण कधीच नसते.

भाच्याला मी रागावलो नाही. त्याच्या सरांच्या बोलण्यात एक गोष्ट बरोबर होती: अर्जाआधी जाहीर दाखवलं तर नवेपणा जातो. म्हणून म्हटलं, आधी तात्पुरता अर्ज टाक. एकट्या माणसाला त्याची फी १,६०० रुपये, आणि पूर्ण अर्ज करायला बारा महिने मिळतात. नऊ नावांच्या सर्टिफिकेटला तू त्याहून जास्त दिलेस. मग निफाडच्या काकांच्या चाळीत जाऊन बस.

गेल्या आठवड्यात फोटो आला. चाळीच्या फळीला लटकवलेला डबा, त्याच्या तोंडावर लाल पापुद्र्यांचा थर. खाली मेसेज: "पहिल्याच रात्री सेन्सर बंद पडला मामा. जाळी लावतोय. काका म्हणतात, यापेक्षा माझं नाक बरं."